28 सेंटिमीटरवरची टक्कर

लाइनमन म्हटलं की आपल्याला खांबावर चढून फ्यूज टाकणारा वीज कंपनीचा माणूस आठवतो. अमेरिकन फुटबॉलमधला लाइनमन वेगळा. संघातला सगळ्यात आडदांड गडी तो, आणि काम मात्र सगळ्यात कमी दिसणारं. मागे उभ्या असलेल्या क्वार्टरबॅकला चेंडू फेकायला दोन-तीन सेकंद मिळावीत म्हणून पुढे पाच जण भिंत होऊन उभे राहतात. मधला सेंटर, त्याच्या दोन बाजूंना गार्ड, टोकांना टॅकल. यांच्या नावावर गुण लागत नाहीत. समालोचकाच्या तोंडी यांचं नाव येतं ते बहुतेक वेळा काही चुकलं की.

माइक वेबस्टर असाच एक सेंटर. जन्म 1952 चा, विस्कॉन्सिन राज्यातला. 1974 मध्ये नव्या खेळाडूंच्या निवडीत पिट्सबर्ग स्टीलर्स या संघाने त्याला घेतलं तेही पाचव्या फेरीत, कारण सेंटर म्हणून तो अंगाने कमीच मानला जात होता. पुढे तो सुमारे 115 किलोचा झाला. आज लाइनमन 140 किलोचा असला तरी कोणी वळून बघत नाही. या ‘लहानखुऱ्या’ गड्याने स्टीलर्ससाठी चार सुपर बोल, म्हणजे हंगामाचे अंतिम सामने, जिंकले, आणि सगळ्या कारकिर्दीत 17 हंगामांत 245 सामने खेळले. कडाक्याच्या थंडीतही उघड्या दंडांनी मैदानात उतरायचा. लोक त्याला ‘आयर्न माइक’ म्हणत.

आता जरा त्याचं रोजचं काम बघू. सेंटर वाकून चेंडू जमिनीवर धरतो आणि दोन पायांमधून मागे क्वार्टरबॅकच्या हातात देतो. समोरचा बचावपटू किती दूर असतो? नियमाप्रमाणे दोन फळ्यांमध्ये चेंडूच्या लांबीएवढी मोकळी पट्टी, म्हणजे सुमारे 28 सेंटिमीटर. चेंडू हलला की दोन्ही फळ्या एकमेकींवर आदळतात. एवढ्याशा अंतरात वेग तो किती येणार, असं वाटेल. पण वस्तुमान प्रचंड आणि थांबायला लागणारा वेळ सेकंदाचा अगदी छोटा तुकडा, त्यामुळे डोक्याला बसणारा झटका मामुली नसतो. शिवाय खाली वाकलेल्या माणसाचं डोकंच सगळ्यात पुढे असतं. एका सामन्यात असे साधारण 60 डाव. वेबस्टरची सगळी कारकीर्द धरली तर आकडा सहज दहा हजारांपुढे जातो, आणि त्यात सराव धरलेलाच नाही.

यातल्या बहुतेक टकरींनंतर काहीच होत नाही. भोवळ नाही, शुद्ध हरपणं नाही. खेळाडू उठतो आणि पुन्हा वाकतो. गोम इथेच आहे.

मेंदूचा मऊपणा खरवसाच्या जवळचा. डबा फडक्यात कितीही घट्ट बांधा, झटका दिला की आतली वडी थरथरतेच. हेल्मेट कवटी फुटू देत नाही, तेवढं काम ते चोख करतं. पण कवटी थांबल्यावर आतला मेंदू थांबेलच असं नाही. डोकं गर्रकन वळलं तर मेंदूचे थर एकमेकांवर सरकतात आणि चेतापेशींचे लांब तंतू ताणले जातात. सर्वाधिक ताण येतो तो मेंदूच्या घड्यांच्या तळाशी. या तंतूंच्या आत सामान वाहून नेणारे बारीक रूळ असतात, आणि टाऊ नावाचं प्रथिन त्या रुळांना स्लीपरसारखं धरून ठेवतं. ताणाने टाऊ सुटतं, बिघडतं, त्याच्या गाठी होतात. अशा गाठी घड्यांच्या तळाशी, बारीक रक्तवाहिन्यांभोवती साचलेल्या दिसल्या की तो सीटीई, म्हणजे क्रॉनिक ट्रॉमॅटिक एन्सेफलोपथी. मार थांबला तरी हा आजार वर्षानुवर्षं पुढे सरकत राहू शकतो.

वेबस्टर 1990 च्या हंगामानंतर थांबला. नंतरची वर्षं वाईट गेली. विसराळूपणा, संताप, पैसा गेला, कुटुंब तुटलं. कधी तो आपल्या ट्रकमध्येच झोपायचा. वेदनेतून झोप लागावी म्हणून स्वतःलाच विजेचे झटके देणारी बंदूक लावून घ्यायचा. 24 सप्टेंबर 2002 ला तो हृदयविकाराने गेला, वय 50.

शवविच्छेदन ज्यांच्याकडे आलं ते डॉ. बेनेट ओमालू मूळचे नायजेरियाचे, फुटबॉलमध्ये रस नसलेले. मला वाटतं ते पथ्यावरच पडलं. त्यांच्यासमोर दंतकथा नव्हती, एक माणूस होता. मेंदू बाहेरून अगदी नेहमीसारखा दिसत होता, कुठे आक्रसलेला नाही. तिथेच फाइल बंद करता आली असती. ओमालूंनी पदरचे पैसे घालून पातळ काप तयार करवले, रंगवले, आणि सूक्ष्मदर्शकाखाली टाऊच्या गाठी दिसल्या. 2005 मध्ये निबंध छापून आला. मुष्टियोद्ध्यांमधला असा विकार 1928 पासून वैद्यकाला ठाऊक होता. व्यावसायिक फुटबॉलपटूत त्याची नोंद पहिलीच. एनएफएल या व्यावसायिक फुटबॉल लीगच्या मेंदूच्या दुखापतींवरच्या समितीतल्या डॉक्टरांनी निबंध मागे घ्या असं मासिकाला लिहिलं. गंमत अशी की खेळातल्या माराने वेबस्टरचा मेंदू निकामी झाल्याचं लीगच्याच निवृत्तिवेतन मंडळाने 1999 मध्ये मान्य केलेलं होतं.

2017 मध्ये बोस्टन विद्यापीठाच्या अ‍ॅन मॅकी आणि सहकाऱ्यांनी एनएफएलच्या 111 माजी खेळाडूंचे मेंदू तपासले. 110 जणांत सीटीई सापडला. हा आकडा सरसकट सगळ्यांना लावू नये. ज्यांच्या घरच्यांना शंका होती त्यांनीच प्रामुख्याने मेंदू दान केले, आणि जिवंतपणी खात्रीचं निदान अजून होत नाही. मला जास्त मोलाचा वाटतो तो 2023 चा अभ्यास. 631 दात्यांच्या मेंदूंवरून दिसलं की निदान झालेल्या कन्कशनच्या, म्हणजे डोक्याला मार बसून मेंदूचं काम तात्पुरतं बिघडण्याच्या, संख्येशी सीटीईचा मेळ बसत नाही. मेळ बसतो तो वर्षानुवर्षं डोक्याने सोसलेल्या एकूण माराशी. हे सगळ्यात जास्त लागू पडतं ते लाइनमनला. बेशुद्ध पडलेला खेळाडू मैदानाबाहेर नेला जातो, त्याची तपासणी होते. रोजचा छोटा मार कोणी मोजत नाही.

2011 मध्ये लीग आणि खेळाडूंच्या संघटनेत झालेल्या करारात हंगामातले अंगावर पॅड चढवून करायचे सराव 14 वर आणले गेले. 2022 पासून हंगामपूर्व शिबिरात लाइनमनच्या हेल्मेटवर मऊ टोपडं सक्तीचं झालं. त्यातलं सराव कमी करणं मला जास्त पटतं, कारण जी टक्कर झालीच नाही तिचा हिशेब लागत नाही.

बाल्टिमोर रेव्हन्स या संघाचा गार्ड जॉन अर्शेल खेळता खेळताच एमआयटीमध्ये गणितात पीएचडी करत होता. 2015 मध्ये सरावात त्याला कन्कशन झालं आणि काही काळ त्याला वरच्या दर्जाचं गणित जमेना. 111 मेंदूंचा अहवाल 25 जुलै 2017 ला आला. 27 तारखेला, वयाच्या 26 व्या वर्षी, तीन हंगाम खेळून अर्शेल निवृत्त झाला. वेबस्टर 26 वर्षांचा होता तो 1978 चा उन्हाळा. त्याचे अजून 13 हंगाम खेळायचे बाकी होते.