‘आणि’वरचे भांडण : फ्रेंच लेखकचरित्रांमागचा एक जुना वाद

मराठीत एखाद्या लेखकावर प्रबंध निघाला की त्याचे नाव बहुधा ठरलेले असते : अमुक अमुक, व्यक्ती आणि वाङ्मय. फ्रेंचमध्ये याच सूत्राला ‘लॉम ए लव्र’ म्हणतात, माणूस आणि त्याची कृती. फ्रेंच लेखकांवर गेल्या शतकभरात जी चरित्रे आणि जे समीक्षाग्रंथ आले, त्यांतले मोठे भांडण या दोन शब्दांच्या मधल्या ‘आणि’वरचे आहे. माणूस कळला की कृती कळते का? या प्रश्नाचे उत्तर म्हणून कादंबरीकार मार्सेल प्रूस्तच्या ‘सँत-बव्हविरुद्ध’ या ज्या पुस्तकाचा दाखला सर्रास दिला जातो, त्या पुस्तकाची गोष्ट नीट सांगितली जात नाही. म्हणून ही टिपणी.

फार मागे जायचे कारण नाही. नाटककार मोलिएरचे पहिले चरित्र तो गेल्यानंतर 32 वर्षांनी, 1705 मध्ये आले आणि ते बरेचसे ऐकीव गोष्टींवर उभे होते. फ्रेंच अकादमीतली गौरवपर भाषणे, संतचरित्राच्या धाटणीची ‘जीवने’ असे सगळे त्या काळात होते. ज्याला आज लेखकचरित्र म्हणतो, त्याची पद्धत बसवली ती एकोणिसाव्या शतकातला समीक्षक सँत-बव्ह याने.

1 ऑक्टोबर 1849 पासून तो पॅरिसच्या एका दैनिकात दर सोमवारी लिहू लागला. ‘सोमवारच्या गप्पा’ हे या सदराचे नाव. गप्पा म्हटले तरी आठवडाभराची मेहनत त्यामागे असे : पत्रव्यवहार, आठवणी, ओळखीपाळखीच्यांना विचारणे. 1862 मध्ये शातोब्रियां या लेखकावर लिहिताना त्याने आपली प्रश्नावलीच मांडली. या लेखकाचे धर्माबद्दल काय मत होते? निसर्ग पाहून त्याला काय वाटे? बायकांच्या बाबतीत तो कसा वागे? पैशांच्या बाबतीत? श्रीमंत होता की गरीब? त्याची दिनचर्या काय? आणि शेवटी, त्याचे व्यसन किंवा त्याची दुबळी बाजू कोणती? त्याच्या मते जसे झाड तसे फळ. आज आपण कोणत्याही लेखकाचे चरित्र उघडले तरी त्याची प्रकरणे याच प्रश्नांनी पाडलेली दिसतात.

पद्धत चालली, पण निवाडे चुकले. कादंबरीकार स्टेंढालला ओळखणाऱ्या माणसांकडे चौकशी करून त्याच्या कादंबऱ्या फसलेल्या आणि एकंदरीत टाकाऊ असल्याचे त्याने लिहिले. कवी बोदलेअरबद्दल 1862 मध्ये लिहिताना हा मुलगा प्रत्यक्षात किती सालस, बोलायला किती सफाईदार, अशी शिफारस केली आणि त्याच्या कवितेला साहित्याच्या पार टोकाला, जणू रशियाच्या पूर्व टोकावरच्या कामचाट्कात, उभारलेल्या एका चमत्कारिक मांडवाची उपमा दिली. माणूस दिवाणखान्यात भेटला होता. ‘पापफुले’ हा कवितासंग्रह लिहिणारा त्या दिवाणखान्यात आलाच नव्हता.

इथे प्रूस्त येतो. त्याची आई 1905 मध्ये वारली. 1908 च्या अखेरीस तो मित्रांना पत्रांतून विचारतो : सँत-बव्हवर लिहायचे मनात आहे, दोन आराखडे सुचतात, कोणता घेऊ? एक सरळ निबंध. दुसरा असा की सकाळी आई पलंगापाशी येते आणि लिहायच्या लेखाबद्दल मी तिला सांगू लागतो. ऑगस्ट 1909 मध्ये त्याने एका प्रकाशकाला लिहिले की ‘सँत-बव्हविरुद्ध, एका सकाळची आठवण’ हे नाव तात्पुरते आहे, पुस्तक खरे तर कादंबरी आहे आणि काही ठिकाणी फारच उघडीवाघडी आहे. शेवटी सँत-बव्हवर लांबलचक संभाषण येते. प्रकाशकाने नकार दिला. आराखडा फुगत गेला आणि त्यातूनच ‘गमावलेल्या काळाच्या शोधात’ ही सात भागांची महाकादंबरी निघाली. ‘सँत-बव्हविरुद्ध’ या नावाचे पुस्तक प्रूस्तने कधी पुरे केले नाही. 1922 मध्ये तो वारला तेव्हा मागे राहिल्या त्या वह्या आणि सुटे कागद.

या कागदांचे पुस्तक झाले 1954 मध्ये. प्रूस्तच्या पुतणीने आपल्याकडची कागदपत्रे एका तरुण संशोधकाला पाहू दिली होती. त्याने निबंधाचे तुकडे आणि कथनाचे तुकडे एकत्र जुळवले, प्रकरणे पाडली, त्यांना नावे दिली आणि पत्रांतले तात्पुरते नाव वर घातले. 1971 मध्ये दुसऱ्या संपादकांनी हे नामंजूर केले. त्यांनी कथनाचा भाग काढून टाकला आणि फक्त समीक्षा ठेवली. आई गेली, पलंग गेला, सकाळ गेली. या दोन निर्णयांत मला पहिलाच प्रूस्तच्या हेतूच्या जास्त जवळचा वाटतो. त्यातले सांधे संपादकाने घातलेले आहेत हे मान्य करूनही मी हे म्हणतो. 1971 ची आवृत्ती कागदांशी अधिक प्रामाणिक दिसते खरी, पण तिच्यामुळे प्रूस्त एका सिद्धांताचा वकील होऊन बसला. ज्याने आपले म्हणणे आईला सांगायची गोष्ट म्हणून रचायला घेतले होते, त्याच्या तोंडी नुसता युक्तिवाद उरला.

तो युक्तिवाद एका वाक्यात सांगितला जातो. पुस्तक ही आपल्या सवयींत, समाजात, व्यसनांत दिसणाऱ्या ‘मी’हून वेगळ्या एका ‘मी’ची निर्मिती असते. ‘व्यसन’ हा शब्द सँत-बव्हच्या शेवटच्या प्रश्नातूनच उचललेला दिसतो. घोटाळा होतो तो ‘मी’पाशी. फ्रेंच शब्द आहे ‘म्वा’. दारावर टकटक झाली, आतून ‘कोण?’ विचारले की बाहेरचा म्हणतो ‘म्वा’, इतका तो घरगुती शब्द. मराठीत त्याचा ‘स्व’ केला की वाक्याला तत्त्वज्ञानाचा सूर लागतो. ‘अहं’ केला तर मानसशास्त्र आत येते. ‘आत्मा’ केला तर सगळेच बिघडते, कारण मग लिहिणारा अमर आणि जगणारा नश्वर अशी उतरंड आपोआप लागते. प्रूस्त पुढे म्हणतो की तो ‘मी’ समजून घ्यायचा तर स्वतःच्या तळाशी जाऊन त्याला पुन्हा घडवायचा प्रयत्न करावा लागतो. म्हणजे वाचणाऱ्यालाही आपला ‘मी’ कामाला लावावा लागतो. चरित्र वाचू नका, असा हुकूम या वाक्यात कुठेही नाही. शीर्षकातल्या ‘कोंत्र’ या शब्दाचाही अर्थ ‘विरुद्ध’ असा आहे, तसाच ‘टेकून’, ‘लगटून’ असाही आहे. सँत-बव्हचा आधार घेतल्याशिवाय प्रूस्तला त्याच्याशी भांडता आले नसते.

तरी हुकूम म्हणूनच ते वाक्य वापरले गेले. 1963 मध्ये समीक्षक रोलां बार्तचे सतराव्या शतकातल्या रासीन या नाटककारावरचे, त्याचे आयुष्य बाजूला ठेवून नाटके वाचणारे पुस्तक आले. रासीनच्या कारकिर्दीवर कागदपत्रांचा डोंगर उपसलेल्या एका प्राध्यापकाने 1965 मध्ये त्यावर ‘नवी समीक्षा की नवी भोंदूगिरी’ अशा अर्थाच्या शीर्षकाचे पुस्तक लिहिले. बार्तने 1966 मध्ये उत्तर दिले. पाठोपाठ ‘लेखकाचा मृत्यू’ हा निबंध आला, 1967 मध्ये आधी इंग्रजीत आणि 1968 मध्ये फ्रेंचमध्ये. याच बार्तने 1971 मध्ये ‘चरित्रकण’ अशा अर्थाचा शब्द घडवला : लेखक गेल्यावर त्याचे दोन-चार तपशील, एखादी आवड, एखादी लकब एवढेच मागे राहावे. 1975 मध्ये त्याने स्वतःवरच पुस्तक लिहिले, तेही ‘अमुक अमुक, त्याच्याच शब्दांत’ अशा चरित्रमालेसाठी. दुसरीकडे तत्त्वज्ञ सार्त्रने 1971-72 मध्ये कादंबरीकार फ्लोबेरवर तीन प्रचंड खंड काढले आणि त्याच्या ‘मादाम बोव्हारी’ या कादंबरीवरचा नियोजित चौथा खंड दृष्टी गेल्यामुळे राहून गेला. एका माणसाबद्दल आज काय काय कळू शकते, हा त्याचा प्रश्न. सँत-बव्हची प्रश्नावलीच, फक्त हजारो पाने लांब.

खुद्द प्रूस्तची चरित्रे थांबली नाहीत. 1959 आणि 1965 मध्ये इंग्रजीत आलेल्या दोन खंडांच्या चरित्राचा दावा होता की ही कादंबरी म्हणजे सर्जक आत्मचरित्र आहे. प्रूस्तला ओळखणारी माणसे तेव्हा हयात होती, पण चरित्रकार मुद्दाम त्यांना भेटला नाही. तो फक्त लिखित पुराव्यावर विसंबला. 1996 च्या मोठ्या फ्रेंच चरित्राचा लेखक हा त्याआधी त्या कादंबरीच्या चार खंडांच्या आवृत्तीचा संपादक होता. हे चरित्र लिहिलेल्या कागदाच्या बाजूने आयुष्याकडे येते आणि माझ्या मते चांगले चरित्र याच वाटेने येते.

‘सँत-बव्हविरुद्ध’च्या 1954 च्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत प्रूस्तच्या हस्तलिखिताच्या मोठ्या आकाराच्या 75 पानांचा उल्लेख होता. ती पाने मात्र पुढे अभ्यासकांना दिसली नाहीत. त्या आवृत्तीचा संपादक 2018 मध्ये वारल्यावर त्याच्याच कागदपत्रांत ती सापडली आणि 2021 मध्ये छापली गेली. त्यांत आईचे नाव जान आहे, आजीचे आदेल. घरातली खरी नावे. त्यांत धाकटा भाऊही आहे. परतायच्या दिवशी त्याचे केस कुरळे करून, फिती बांधून, फोटोसाठी सजवलेले आहे आणि तो आपल्या बकरीच्या पिल्लाचा निरोप घेत रडतो आहे. कादंबरीत हा भाऊ कुठेच नाही. पहिल्या भागात निवेदकच, केस कुरळे केलेला, नवी टोपी घातलेला, काटेरी हॉथॉर्नच्या फुलांना मिठी मारून रडतो. सँत-बव्हला विचारले असते तर त्याने भावाकडे जाऊन बकरीचे खरे-खोटे करून घेतले असते. प्रूस्तने केस आणि अश्रू ठेवले, भाऊ आणि बकरी काढून टाकली. हा बदल नेमका कुठे झाला ते पाहायला दोन्ही पाने शेजारी ठेवावी लागतात, आणि त्याला एक भाऊ होता हेही माहीत असावे लागते.

1954 चे पुस्तक स्वस्त आवृत्तीत पुन्हा निघाले आणि तेच विद्यार्थ्यांच्या पिशवीत असते. संशोधक 1971 च्या आवृत्तीतले पृष्ठांक देत आले. एकाच नावाची ही दोन पुस्तके आहेत. 2022 मध्ये प्रूस्तच्या निबंधांचा नवा संग्रह आला, त्यात या कागदांवर ‘सँत-बव्हविरुद्धचे दप्तर’ अशा अर्थाचे शीर्षक आहे.