नवा साप खात नाहीये? फोन करण्याआधी हे वाचा

आमच्याकडून साप घरी नेल्यावर चौथ्या-पाचव्या दिवशी आम्हाला फोन येतो. मका साप (कॉर्न स्नेक) असो, नारिंगी एव्हरग्लेड्स असो की मँडरिन, म्हणजे रॅट स्नेक गटातला, उंदरांवर जगणारा कुठलाही साप असो, प्रश्न एकच असतो: ‘दोनदा उंदीर दिला, तोंड लावत नाही. आजारी तर नाही ना?’ दहातल्या नऊ वेळा साप ठणठणीत असतो. त्याला फक्त कुणी एकटं सोडलेलं नसतं. म्हणून प्रत्येक सापासोबत आता हे माहितीपत्रक देतो.

बिनविषारी, नीट खाणारे, हाताला सरावणारे हे साप आहेत, हे तुम्हाला ठाऊक आहे, म्हणूनच तुम्ही आमच्यापर्यंत आलात. पुष्कळांना ओढून आणतात ते रंग, आणि त्यात काही वावगं नाही. मका सापाचं पोट उलटं करून पाहिलंत तर काळ्या-पांढऱ्या चौकोनांची नक्षी दिसते, रंगीत दाण्यांच्या मक्याच्या कणसासारखी. त्यावरूनच हे नाव पडलं असं काही जण सांगतात. मक्याच्या कोठारात उंदरांमागे येणारा म्हणून मका साप, असंही सांगितलं जातं. १७६६ मध्ये स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने याचं शास्त्रीय वर्णन केलं तेव्हा नाव दिलं ‘गुट्टाटस’, म्हणजे ठिपकेवाला. काळं रंगद्रव्य नसलेला मका साप लाल-केशरी दिसतो, लाल नसलेला राखी-काळा, आणि दोन्ही नसलेला जवळजवळ पांढरा, ज्याला आपण ‘स्नो’ म्हणतो. हे गुण अप्रभावी असतात, म्हणजे आई आणि बाप दोघांकडून आले तरच दिसतात, म्हणून साध्या दिसणाऱ्या जोडीच्या अंड्यांतूनही कधी लालभडक पिल्लू निघतं.

रंगाबद्दल एक गोष्ट आधीच सांगून ठेवतो, कारण त्यावरूनही गैरसमज होतो. एव्हरग्लेड्सचं आणि पिवळ्या रॅट स्नेकचं पिल्लू फिकट, डागाळलेलं असतं. नारिंगी किंवा पिवळा रंग वर यायला दोन-तीन वर्षं लागतात. नाकावर शिंग असलेला गेंडा साप तर राखाडी-तपकिरी जन्मतो आणि वाढता वाढता हिरवा होतो. पिल्लू घेताना आम्ही त्याचे आईबाप दाखवतो ते यासाठीच. आज दिसतो तो रंग मनात धरून पिल्लू निवडू नका.

आता मुद्द्यावर येतो. पेटीतून पेटीत जाणं हे सापाच्या दृष्टीने फार मोठं असतं. वास बदलला, उष्णता बदलली, लपायची जागा बदलली, वर डब्यातला प्रवास. अशा वेळी साप पहिल्यांदा एकच ठरवतो: इथे मला कुणी खाईल का? याचं उत्तर मिळेपर्यंत तो स्वतः खात नाही. रानात जो साप अनोळखी जागी पोटात जड भक्ष्य घेऊन पडतो, तो पळू शकत नाही. अंगात भिनलेली ही सावधगिरी आपल्या घरात आला म्हणून एका रात्रीत जात नाही.

आणि आपण काय करतो? घरी आल्या आल्या त्याला हातात घेतो. संध्याकाळी शेजारी बघायला येतात, पुन्हा बाहेर. दुसऱ्या दिवशी उंदीर देतो, तो खात नाही, म्हणून तिसऱ्या दिवशी पुन्हा देतो. चौथ्या दिवशी लपायची जागा उचलून आत बघतो. पाचव्या दिवशी जागा कमी वाटते म्हणून मोठी पेटी आणतो. मग आम्हाला फोन करतो. प्रत्येक पाऊल मायेपोटी उचललेलं असतं, हे आम्हाला कळतं. पण त्या प्रत्येक पावलासरशी सापाची गणती पुन्हा शून्यापासून सुरू होते.

म्हणून आमचा नियम असा आहे. साप पेटीत सोडा, पाण्याचं भांडं भरा, आणि सात दिवस झाकण फक्त पाणी बदलायला उघडा. हात लावायचा नाही, भक्ष्य द्यायचं नाही. आठव्या दिवशी संध्याकाळी, घर शांत झाल्यावर, नेहमीपेक्षा थोडा लहान उंदीर चिमट्याने दाखवा. घेतला नाही तर लपायच्या जागेच्या तोंडाशी ठेवून दिवा मालवा आणि निघून जा. सकाळी तसाच असेल तर काढून टाका आणि पुढचे पाच-सहा दिवस विसरून जा. रोज रोज उंदीर पुढे नाचवला की साप त्या वासालाच धास्तावतो. खाल्ल्यानंतरही ४८ तास हात नको, आणि सलग तीन वेळा नीट खाल्ल्याशिवाय हाताळायला सुरुवात करू नका. हाताळून झाल्यावर, आणि पेटी साफ केल्यावरही, साबणाने हात धुवा, कारण सापांच्या अंगावर साल्मोनेला हा पोट बिघडवणारा जिवाणू असू शकतो.

‘सात दिवस उपाशी? पिल्लू मरेल!’ असं कुणी म्हणतं. नाही मरत. अंड्यातून आलेलं पिल्लू पहिली कात टाकेपर्यंत, म्हणजे साधारण आठवडाभर, खातच नाही. पोटातल्या बलकावर तग धरतं. मोठा साप कित्येक आठवडे सहज काढतो, आणि वयात आलेला नर तर विणीच्या हंगामात आपणहून खाणं सोडतो. काळजीची खूण वजनात दिसते. स्वयंपाकघरात असतो तसा साधा डिजिटल काटा घ्या आणि दर पंधरा दिवसांनी नोंद ठेवा. शेकडा दहाच्या वर वजन उतरलं, किंवा पिल्लाने सलग चार वेळा नाकारलं, तर जरूर फोन करा. तोंडाला फेस, उघड्या तोंडाने श्वास, घरघर किंवा अंगात गाठ दिसली तर आमची वाट न बघता सरपटणाऱ्या प्राण्यांचं ज्ञान असलेल्या पशुवैद्याकडे न्या.

सात दिवस पाळूनही खात नसेल तर दुसरी शक्यता जवळजवळ नेहमी उष्णतेची असते. सापाच्या अंगात स्वतःची ऊब नसते. बाहेरची मिळाली तरच पचन होतं. मका साप आणि एव्हरग्लेड्स यांना पेटीच्या एका टोकाला २९ ते ३१ अंश सेल्सिअस आणि दुसऱ्या टोकाला २२ ते २४ अंश लागतं. मोजायचं ते साप जिथे पोट टेकतो तिथे. काचेवर चिकटवलेली गोल तबकडी हवेचं तापमान सांगते, तेही अंदाजे. हीट मॅट, म्हणजे पेटीखालची विजेवर तापणारी चटई, थर्मोस्टॅटशिवाय, म्हणजे ठरलेल्या तापमानाला वीज तोडणाऱ्या उपकरणाशिवाय, लावू नका. मोकळी सोडलेली मॅट ४० अंशांच्या वर सहज जाते आणि सापाचं पोट भाजतं. आम्ही पेटीच्या संचात थर्मोस्टॅट वेगळा न ठेवता घालूनच देतो, त्यामुळे संच थोडा महाग वाटतो. मँडरिनचं मात्र उलट आहे. तो डोंगरातला, गारव्यात आणि मातीखाली राहणारा. त्याला २० ते २४ अंश पुरे. मका सापाच्या पेटीत त्याला ठेवलात तर तो खाणं सोडेल आणि चूक तुमची असेल, त्याची नाही.

पिल्लासाठी लहान पेटी हवी, यावर लोक आमच्याशी वाद घालतात. मोठी पेटी म्हणजे मोठं मन, असं वाटतं. पिल्लाला मोठी पेटी म्हणजे आडोसा नसलेलं माळरान. मोठी पेटी घ्यायचीच असेल तर ती पानं, सालीचे तुकडे आणि आडोशांनी गच्च भरा, म्हणजे तिथेही तो बिनधास्त राहतो. लपायच्या जागा दोन हव्यात, एक उबेत आणि एक गारव्यात, आणि इतक्या अरुंद की वेटोळं घातल्यावर पाठ छताला टेकावी. साप मोठा झाला की मात्र अंग सरळ पसरता येईल एवढी जागा द्या. झाकणाची कडी तपासा. मका साप डोकं शिरेल तिथून अख्खा बाहेर पडतो.

भक्ष्य गोठवलेलंच द्या. रात्रभर फ्रिजमध्ये विरघळवून मग गरम पाण्यात पिशवीसकट ठेवा. मायक्रोवेव्ह कधीच नको. आकार सापाच्या अंगाच्या सर्वांत जाड भागाएवढा, फार तर दीडपट. जिवंत उंदीर आम्ही विकत नाही आणि वापरूही देत नाही. कोपऱ्यात सापडलेला उंदीर चावतो, आणि त्या जखमेचा व्रण सापाच्या अंगावर जन्मभर राहू शकतो. आमचं प्रत्येक पिल्लू आमच्या देखरेखीत गोठवलेलं भक्ष्य किमान पाच वेळा खाल्ल्याशिवाय आम्ही देत नाही, म्हणून आमच्याकडे थांबावं लागतं. काही जण अंड्यातून निघाल्यावर आठवड्यातच देतात. आम्हाला ते पटत नाही.

डोळे दुधाळ निळसर आणि रंग फिका झाला असेल तर साप कातीवर आला आहे. त्या दिवसांत त्याला नीट दिसत नाही आणि बहुतेक साप खात नाहीत. ओलसर शेवाळाचा डबा ठेवा आणि वाट बघा. कात निघाली की डोळ्यांवरच्या टोप्याही (डोळे झाकणारे पारदर्शक खवले) निघाल्या का ते कातीतच तपासा.

खाल्लेलं ओकलं तर? घाईघाईने लगेच दुसरं देऊ नका, जरी तो भुकेला दिसला तरी. पोटातला रस आणि पाणी निघून गेलेलं असतं. दहा ते चौदा दिवस फक्त पाणी, मग नेहमीच्या निम्म्या आकाराचं भक्ष्य. दुसऱ्यांदा ओकला तर पशुवैद्य.

आमचे सगळे साप बंदिस्त जागेत अंड्यातून निघालेले आहेत. रानात दिसलेला साप कितीही सुंदर असला तरी उचलून आणू नका, आणि साप नेण्याआधी तुमच्या भागातला कायदा काय सांगतो ते विचारून घ्या. मका साप १५ ते २० वर्षं जगतो. घरातलं कुणीतरी तेवढी वर्षं त्याला बघायला तयार आहे का, हेही आम्ही विचारतोच, आणि कधी कधी उत्तर ऐकून साप देत नाही.

फोन करताना चार गोष्टी हाताशी ठेवा: उबेच्या आणि गारव्याच्या टोकाचं तापमान, शेवटचं खाल्ल्याची तारीख, शेवटच्या कातीची तारीख आणि वजन. पेटीचा एक फोटो पाठवलात तर आणखी बरं. सोबतच्या नोंदपत्रावर या सगळ्यांसाठी रकाने आहेत. आम्ही केलेल्या पाच नोंदी वरच्या ओळींत भरलेल्या आहेत, सहावी तुमची.