कारातेपेचे दगड जागेवर राहिले त्याची पार्श्वभूमी : हालेत चांबेल यांचे कार्य

दक्षिण तुर्कस्तानात, टॉरस पर्वताच्या पायथ्याशी जेयहान नदीच्या काठावर कारातेपे ही गर्द झाडीने वेढलेली टेकडी आहे. तिच्यावरील किल्ल्याच्या दोन दरवाजांत इ. स. पू. आठव्या शतकातील बेसाल्टचे कोरीव दगड आजही मूळ जागी उभे आहेत. कार्केमिश, झिंजिर्ली अशा त्याच काळातील शहरांतून निघालेली शिल्पे अंकारा, इस्तंबूल, बर्लिन आणि लंडन येथील संग्रहालयांत विखुरली. कारातेपेच्या वाट्याला तसे विखुरणे आले नाही, याचे सर्वांत मोठे श्रेय तुर्की पुरातत्त्वज्ञ हालेत चांबेल यांना द्यावे लागते.

चांबेल यांचा जन्म १९१६ मध्ये बर्लिनमध्ये झाला. आईचे वडील इब्राहिम हक्की पाशा हे ऑटोमन साम्राज्याचे माजी पंतप्रधान होते, तर वडील हसन जेमील हे पुढे आधुनिक तुर्कस्तानचे संस्थापक अतातुर्क यांच्या निकटवर्तीयांपैकी एक झाले. पॅरिसच्या सॉर्बोन विद्यापीठात चांबेल यांनी पुरातत्त्वाबरोबर हित्ती, अ‍ॅसिरियन आणि हिब्रू या भाषांचा अभ्यास केला. विद्यार्थिदशेतच, १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये, त्या तुर्की संघातून तलवारबाजी खेळल्या. हिटलरला भेटण्याची सूचना आली तेव्हा त्यांनी ती स्पष्ट शब्दांत नाकारली. पुढे त्या इस्तंबूल विद्यापीठात रुजू झाल्या आणि तेथे हेल्मुथ बॉसर्ट या जर्मन प्राध्यापकांबरोबर काम करू लागल्या.

कादिर्ली परिसरातील एकरेम कुश्चू या शिक्षकाने डोंगरातील ‘सिंहाच्या दगडा’ची माहिती दिल्यावरून १९४६ मध्ये बॉसर्ट आणि चांबेल कारातेपेला पोहोचले, तेव्हा टेकडीपर्यंत गाडीरस्ता नव्हता. १९४७ मध्ये उत्खनन सुरू झाले आणि दरवाजांच्या दगडांवर एकच मजकूर दोन भाषांत कोरलेला आढळला. त्यांपैकी एक फिनिशियन होती आणि दुसरी चित्रलिपीतील लुवियन, म्हणजे हित्तीची भगिनी भाषा. हित्ती साम्राज्य इ. स. पू. १२०० च्या सुमारास कोसळल्यानंतरही अनातोलिया (आजच्या तुर्कस्तानचा आशियाई भाग) आणि उत्तर सीरियातील लहान राज्ये ही चित्रलिपी वापरत होती, परंतु तिचे वाचन तोवर बरेचसे अनुमानावर चालत असे. फिनिशियन वाचता येत असल्यामुळे तो मजकूर शेजारी ठेवून चिन्हांचे अर्थ पडताळता येऊ लागले. इंडो-ग्रीक राजांच्या द्विभाषिक नाण्यांमुळे खरोष्ठी या प्राचीन लिपीचे कोडे सुटले, हे आपल्याकडील इतिहासाच्या वाचकांना ठाऊक आहे. कारातेपेच्या लेखाचे महत्त्व त्याच जातीचे आहे.

हा लेख कोरवून घेणाऱ्या अझातिवादा या अधिपतीने त्यात किल्ला बांधल्याचे, धान्याची कोठारे भरल्याचे आणि सीमा वाढवल्याचे सांगितले आहे. त्यातील एक तपशील मात्र राजस्तुतीच्या नेहमीच्या साच्याबाहेरचा आहे: पूर्वी पुरुषही ज्या वाटेने जायला भीत, तेथे आपल्या काळात स्त्रिया सूतकताईच्या चात्या घेऊन निर्धास्त चालतात, असे तो म्हणतो. जवळच्या शिल्पांत मेजवानीला बसलेला राजा, त्याच्या मेजाखालचे माकड आणि मुलाला उभ्याने स्तनपान देणारी आई दिसते.

लेख सापडल्याची वार्ता विद्वानांपर्यंत पोहोचली, तरी खरे कष्टाचे काम पुढेच होते. बरेच दगड फुटून त्यांचे तुकडे उतारावर विखुरले होते. ते गोळा करणे, कोणता कशाला जुळतो ते ठरवणे आणि सांधणे यांत वर्षे गेली. या कामी रोमच्या केंद्रीय संवर्धन संस्थेची मदत झाली. शासनाचा विचार शिल्पे संग्रहालयात हलवण्याचा होता. चांबेल यांनी त्याला ठाम विरोध केला, कारण हे दगड दरवाजाच्या भिंतीचाच भाग होते आणि तेथून काढल्यास मजकुराचा व शिल्पांचा क्रमच नाहीसा झाला असता. त्यांची ही भूमिका आज सर्वमान्य वाटते, त्या काळी ती तशी नव्हती.

त्यातून तुर्कस्तानातील पहिले खुले संग्रहालय आकाराला आले. दरवाजांवरील काँक्रीटच्या छपरांचा आराखडा तुर्गुत जानसेव्हेर यांनी केला, आणि दुर्गम जागी कंत्राटदार टिकेना तेव्हा चांबेल यांचे पती, कवी नाइल चाकिरहान यांनी बांधकाम हाती घेतले. वास्तुशास्त्राचे शिक्षण नसलेल्या चाकिरहान यांना पुढे १९८३ मध्ये अक्याका येथील घरासाठी आगाखान वास्तुपुरस्कार मिळाला. जेयहानवरील धरणाचा प्रश्न उभा राहिला तेव्हाही चांबेल यांनी पाठपुरावा करून पाण्याची पातळी कमी ठेवायला लावली.

कारातेपेखेरीज त्यांचे दुसरे मोठे काम प्रागैतिहासिक काळातील आहे. १९६३ मध्ये त्यांनी शिकागोच्या रॉबर्ट ब्रेडवुड यांच्यासह आग्नेय अनातोलियात संयुक्त संशोधन सुरू केले आणि त्यातून एर्गानीजवळील चायोनु ही शेती व पशुपालनाच्या आरंभकाळातील वस्ती उजेडात आली. इस्तंबूल विद्यापीठातील प्रागैतिहासाच्या अध्यासनातून त्यांनी संशोधकांची पिढी घडवली.

चांबेल यांचे निधन १२ जानेवारी २०१४ रोजी झाले. त्याआधी, उत्खननाला ५२ वर्षे उलटल्यावर, १९९९ मध्ये कारातेपेच्या लेखांचा संपूर्ण ग्रंथ त्यांनी चित्रलिपीतील लुवियन लेखांच्या संग्रहमालेत प्रसिद्ध केला. त्या वेळी त्या ८३ वर्षांच्या होत्या.