मंडळीचे पुनरुज्जीवन : अमेरिकेतील मुख्य प्रवाहातील प्रॉटेस्टंट चर्च

सभासद घटलेल्या, सरासरी वय वाढलेल्या आणि खर्च पेलेनाशा झालेल्या स्थानिक मंडळीला, म्हणजे एका चर्चच्या उपासकसमुदायाला, परिसराशी पुन्हा जोडून स्वतःच्या पायावर उभे करण्याची प्रक्रिया. उपासना, पाळकीय सेवा, कारभार, पैसा आणि इमारत या सगळ्यांची फेरमांडणी तीत येते. यश बऱ्याच अंशी एका गोष्टीवर ठरते : हाताशी शिल्लक आणि माणसांत उमेद असताना मंडळी निर्णय घेते की दोन्ही संपल्यावर. बहुतेक मंडळ्या उशिरा सुरुवात करतात.

अमेरिकेत ‘मुख्य प्रवाह’ म्हटले की साधारणपणे सात संप्रदाय अभिप्रेत असतात : युनायटेड मेथडिस्ट, एव्हँजेलिकल लुथरन चर्च इन अमेरिका, प्रेस्बिटेरियन चर्च (यूएसए), एपिस्कोपल, युनायटेड चर्च ऑफ ख्राइस्ट, अमेरिकन बॅप्टिस्ट आणि डिसायपल्स ऑफ ख्राइस्ट. महाराष्ट्राला यांतली काही जुनी ओळखीची आहेत. १८१३ मध्ये मुंबईत आलेल्या आणि पुढे अहमदनगरला रुजलेल्या अमेरिकन मराठी मिशनची बोस्टनमधील मातृसंस्था, अमेरिकन बोर्ड, विसाव्या शतकात युनायटेड चर्च ऑफ ख्राइस्टच्या कार्यात सामावली गेली. १८४२ मध्ये सुरू झालेले ‘ज्ञानोदय’ नियतकालिक याच मिशनचे. मिरजेचे वॉनलेस रुग्णालय अमेरिकन प्रेस्बिटेरियनांनी उभारले. ज्यांच्या वर्गण्यांवर ही कामे चालली, त्यांतल्या अनेक गावांतल्या मंडळ्या आज स्वतःचे छप्पर दुरुस्त करू शकत नाहीत.

घसरण किती आणि का

प्रेस्बिटेरियन चर्च (यूएसए) १९८३ मध्ये एकत्रीकरणातून स्थापन झाले तेव्हा त्याचे सुमारे ३१ लाख सभासद होते. २०२३ मध्ये ते ११ लाखांच्या खाली आले. लुथरन चर्चची १९८८ ची संख्या ५२ लाखांहून अधिक होती, २०२२ मध्ये ती २९ लाखांच्या आसपास उरली. प्यू संशोधन केंद्राच्या पाहण्यांनुसार मुख्य प्रवाहातील प्रॉटेस्टंटांचे प्रौढ लोकसंख्येतील प्रमाण २००७ मध्ये १८ टक्के होते, २०२३-२४ मध्ये ११ टक्के. मेथडिस्टांना वेगळाच धक्का बसला : समलैंगिकतेच्या प्रश्नावरील वादातून २०१९ ते २०२३ या काळात अमेरिकेतील त्यांच्या सुमारे एक चतुर्थांश मंडळ्या, म्हणजे साडेसात हजारांहून अधिक, बाहेर पडल्या.

शिकवण उदार झाली म्हणून लोक गेले, हे स्पष्टीकरण लोकप्रिय आहे, पण अपुरे आहे. मायकेल हाउट, अँड्र्यू ग्रीली आणि मेलिसा वाइल्ड या समाजशास्त्रज्ञांनी २००१ मध्ये दाखवले की विसाव्या शतकात मुख्य प्रवाहाचा वाटा घटून पुराणमतवादी चर्चचा वाटा वाढला, यातला सुमारे तीन चतुर्थांश भाग केवळ जन्मदरातील फरकाने समजतो. मुख्य प्रवाहातील कुटुंबांत मुले कमी आणि उशिरा झाली. जी झाली ती शिकून गाव सोडून गेली आणि नव्या गावी चर्चला जायची गरज त्यांना वाटली नाही. हे कारण नीट समजून घेणे व्यवहारातही उपयोगाचे आहे. चाळीस वर्षांपूर्वी न जन्मलेली मुले उत्तम प्रवचनाने परत येत नाहीत. आज चर्चच्या आसपास राहणारी माणसे कोण आहेत, हाच प्रश्न उरतो.

निदान

काम आकड्यांपासून सुरू होते. दहा वर्षांची सरासरी उपासना-उपस्थिती, बाप्तिस्मे, अंत्यविधी, नवे सभासद, अर्पणाचे लेखी वचन देणारी कुटुंबे आणि सगळ्यात मोठ्या पाच देणगीदारांचा एकूण अर्पणातील वाटा, एवढे एका पानावर मांडावे. नोंदवहीतील सभासदसंख्या बाजूला ठेवावी, कारण तीत परगावी गेलेले आणि वर्षानुवर्षे न आलेलेही असतात. पाच कुटुंबांकडून निम्मे अर्पण येत असेल आणि ती पाचही ऐंशीच्या घरात असतील, तर अंदाजपत्रक कागदावर जुळलेले असूनही मंडळी संकटात आहे.

पुढे उरलेली मुदत काढतात. समजा, वापरता येण्याजोगी शिल्लक २,४०,००० डॉलर आहे आणि वार्षिक तूट ४०,००० डॉलर. भागाकार सहा वर्षे सांगतो, पण तूट दरवर्षी वाढते आणि मध्येच बॉयलर बंद पडतो, म्हणून हिशेब चार वर्षांचा धरावा. येथे नेहमीची चूक म्हणजे दात्याने विशिष्ट कारणासाठी दिलेला निधी मोकळ्या शिलकीत मोजणे. ऑर्गनच्या देखभालीसाठी ठेवलेल्या पैशातून पगार देता येत नाही. कायम निधीतून वर्षाला चार ते पाच टक्के काढणे सुरक्षित मानले जाते. त्याहून जास्त काढणारी मंडळी आपलीच जमीन विकून खात असते. मोठा निधी असलेल्या मंडळ्या तर सर्वांत उशिरा जाग्या होतात, कारण बाके रिकामी झाली तरी बिले भरली जातात.

इमारतीची पाहणी बाहेरच्या जाणकाराकडून करून घ्यावी : छप्पर, पाया, वीजजोडणी, उष्णतायंत्रणा, ॲस्बेस्टस, अपंगांसाठी उतार आणि स्वच्छतागृह. तीनशे जणांसाठी बांधलेल्या, हिवाळ्यात तापवाव्या लागणाऱ्या सभागृहात पस्तीस माणसे बसत असतील, तर अर्पणाचा मोठा हिस्सा हवा तापवण्यातच जातो.

परिसर ऐकणे

जनगणनेची माहिती आवश्यक आहे, पण ती पुरत नाही. चर्चभोवतीच्या मैलभर परिसरात पायी फिरून शाळेचे मुख्याध्यापक, न्हावी, दुकानदार, वाचनालयातील कर्मचारी, भाडेकरू यांच्याशी पाऊण तासाची एकेकटी बोलणी करायची असतात. सहा महिन्यांत साठ-सत्तर बोलणी झाली तर चित्र दिसू लागते. ती पाळकाने एकट्याने करू नयेत. सभासदांनी स्वतः ऐकलेले त्यांना पटते, अहवालात वाचलेले पटत नाही.

काय विचारायचे, यात इंडियानापोलिसच्या ब्रॉडवे युनायटेड मेथडिस्ट चर्चचे उदाहरण महत्त्वाचे आहे. गरिबांना शिधा वाटण्यासारखे जुने उपक्रम त्या मंडळीने बंद केले आणि शेजारपाजारच्या माणसांना काय येते, ते शोधण्यासाठी परिसरातल्याच एकाला फिरता श्रोता म्हणून नेमले. कुणाला स्वयंपाक येत होता, कुणाला बागकाम, कुणाला गाड्यांची दुरुस्ती. अशा माणसांना एकमेकांशी आणि पैसे देणाऱ्या ग्राहकांशी जोडणे हेच चर्चचे काम झाले. जॉन मॅकनाइट आणि जॉन क्रेट्झमन यांनी मांडलेल्या, परिसरातील क्षमतांवर उभारलेल्या विकासाच्या विचाराचे हे चर्चमधील रूप. शिधावाटपाच्या रांगेत उभा राहणारा माणूस सहसा रविवारच्या बाकावर येत नाही, कारण त्याला तिथे फक्त घेणारा म्हणून ओळखतात. मुख्य प्रवाहातील चांगल्या मनाच्या मंडळ्यांना हे पचवणे सर्वांत जड जाते.

कारभार, पाळक, उपासना

आठशे सभासदांच्या काळातली कारभाराची घटना पन्नास जणांवर तशीच लादलेली असते. डझनभर समित्या, त्यांत चाळीस पदे, आणि तीच बारा माणसे तिन्हीत्रिकाळ बैठकांत. पहिला दिलासा येथे मिळतो : सगळ्या समित्या एकवटून सात ते नऊ जणांचे एक मंडळ करावे. मेथडिस्टांच्या नियमांत याची सोय आहे, प्रेस्बिटेरियनांत मंडळीने निवडलेल्या वडीलजनांचे ‘सेशन’ नावाचे मंडळ हे काम करू शकते. मात्र पैसे मोजणारा आणि हिशेब लिहिणारा एकच नसावा. समित्या कमी करताना ही खबरदारी सुटते आणि अफरातफरीला वाट मिळते.

पाळकाचा पूर्ण पगार, निवास, आरोग्यविमा आणि निवृत्तिवेतन हा लहान मंडळीचा सर्वांत मोठा खर्च. अर्धवेळ पाळक, दोन-तीन मंडळ्यांना मिळून एक पाळक, किंवा प्रशिक्षण देऊन नेमलेले वडील हे त्यावरचे उपाय. अर्धवेळ पगारात पूर्णवेळ काम मागणे ही सर्रास घडणारी चूक आहे. पाळक दोन वर्षांत थकून जातो आणि मंडळी पुन्हा शून्यावर येते. प्रेतकार्य आणि आजाऱ्यांच्या भेटी पाळकाकडे राहाव्यात का, प्रवचन महिन्यातून दोनदा सभासदांनी द्यावे का, हे नेमणुकीच्या पत्रात लिहिलेले असावे. बदल रुजायला पाच ते सात वर्षे लागतात. मेथडिस्ट बिशप पाळकाची बदली त्याआधी करणार असेल तर सुरुवातच करू नये.

या बाबतीत अमेरिकन बोर्डाचाच जुना विचार आज घरी परततो आहे. बोर्डाचे सचिव रूफस अँडरसन १८५४-५५ मध्ये हिंदुस्थानात येऊन गेले. स्वशासन, स्वावलंबन आणि स्वप्रसार या तीन पायांवर देशी मंडळ्या उभ्या राहाव्यात आणि देशी पाळकाचा खर्च त्यांना झेपेल इतकाच असावा, असा त्यांचा आग्रह होता. परदेशी मंडळ्यांना दिलेला हा सल्ला मायदेशातल्या मंडळ्यांनी स्वतःला लावून पाहण्याची वेळ आता आली आहे.

उपासनेत सगळे एकदम बदलू नये. मागची बाके दोरीने बंद करून लोकांना पुढे जवळजवळ बसवणे किंवा हिवाळ्यात लहान सभागृहात उपासना घेणे, यांनी गाण्याचा आवाजही भरतो आणि बिलही घटते. पाहुण्याला कुठे उभे राहायचे, प्रभुभोजन (भाकर आणि द्राक्षरस घेण्याचा विधी) कसे घ्यायचे, हे छापील पत्रकावरून कळले पाहिजे. गिटार आणि पडदा आणून तरुण येतील या आशेने साठ जणांच्या मंडळीने दुसरी उपासना सुरू केली, तर बहुधा तीस-तीसच्या दोन उदास उपासना हाती राहतात. जवळचे मोठे इव्हँजेलिकल, म्हणजे मुख्य प्रवाहाबाहेरचे पुराणमतवादी चर्च ते वाद्यवृंदासह अधिक चांगले करत असते. मुख्य प्रवाहाची ताकद स्तोत्रे, विधी, मोकळेपणाने प्रश्न विचारण्याची मुभा आणि पिढ्यांचा सहवास यांत आहे. आठवड्याच्या मध्याला एकत्र जेवण करून त्याच टेबलावर शास्त्रवाचन आणि प्रभुभोजन घेणे, हा लहान मंडळ्यांना जमलेला प्रयोग.

‘आम्हाला तरुण कुटुंबे हवीत’ हे वाक्य जवळजवळ प्रत्येक मंडळीत ऐकू येते. परिसरात मुख्यतः एकटे राहणारे वृद्ध किंवा स्थलांतरित मजूर असतील, तर त्या वाक्याचा अर्थ समोरची माणसे नकोत असा होतो.

इमारत

मेथडिस्ट, प्रेस्बिटेरियन आणि एपिस्कोपल संप्रदायांत स्थानिक मालमत्ता संप्रदायाच्या वतीने विश्वस्त म्हणून धरलेली असते. एपिस्कोपल चर्चने १९७९ मध्ये तसा नियम स्पष्ट केला, मेथडिस्टांत तो त्याहून जुना आहे. म्हणून विक्री, गहाण किंवा दीर्घ भाडेपट्टा यांसाठी प्रेस्बिटरी, बिशप वा कॉन्फरन्स यांपैकी जी आपली प्रादेशिक सत्ता असेल तिची परवानगी आधी घ्यावी. ग्राहक ठरल्यावर परवानगीला धावणाऱ्या मंडळीचा व्यवहार मोडतो. व्यापारी भाडेकरू ठेवल्यास त्या भागापुरती मालमत्ताकराची सूट जाऊ शकते. बालवाडी, दवाखाना, कलाकारांच्या खोल्या यांचा विचार करताना कर आणि विमा दोन्ही तपासावेत.

स्थलांतरितांच्या मंडळीला जागा देणे सर्वांत सुलभ वाटते आणि त्यातच सर्वाधिक कटुता येते, बहुतेकदा स्वयंपाकघरावरून. शीतकपाट कुणाचे, मसाल्याचा वास, रविवारी दोन तास लांबलेली प्रार्थना, मुलांनी हलवलेल्या खुर्च्या. करार लेखी, वर्षभराचा आणि दोन्ही भाषांत असावा. संयुक्त बैठक दरमहा व्हावी आणि पाहुण्या मंडळीचे दोन प्रतिनिधी कारभारी मंडळात मतासह बसावेत. एरवी यजमान स्वतःला घरमालक समजू लागतात.

जमीन मोक्याची असेल तर धाडसी मार्गही आहे. व्हर्जिनियातील आर्लिंग्टन प्रेस्बिटेरियन चर्चने आपली वास्तू परवडणाऱ्या घरांच्या प्रकल्पासाठी विकली. तिथे २०१९ मध्ये १७३ घरांची ‘गिलियम प्लेस’ ही इमारत उघडली आणि मंडळीने तिच्या तळमजल्यावर जागा घेतली. परिसरातील कष्टकऱ्यांना भाडे परवडत नाही, हे तिने आधी ऐकून घेतले होते. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२४ पासून लागू झालेल्या कायद्याने धार्मिक संस्थांच्या जमिनीवर अशी घरे बांधण्यासाठीची मंजुरी सोपी केली आहे. तरीही परवानगी, कर्ज आणि बांधकाम यांत अनेक वर्षे जातात, त्या काळात उपासनेची दुसरी जागा लागते आणि काही सभासद सोडून जातात. ती गळती योजनेत धरावी.

विलीनीकरण, नवी सुरुवात, समापन

चाळीस आणि चाळीस मिळून ऐंशी होतील या हिशेबाने केलेले विलीनीकरण सहसा फसते. काही वर्षांत संख्या पुन्हा चाळीसकडे येते. दोन्ही इमारती ठेवून आलटून पालटून उपासना घेणे तर निश्चित अपयश. निभावणाऱ्या विलीनीकरणात दोन्ही वास्तू सोडून तिसरी जागा, नवे नाव आणि नवा पाळक असतो. दुसरा पर्याय नव्या सुरुवातीचा : जुनी मंडळी विधिवत बंद करायची, इमारत काही महिने बंद ठेवायची आणि प्रशिक्षित पाळकाने मोजक्या माणसांच्या नव्या गटासह वेगळ्या नावाने ती उघडायची. जुन्या सभासदांनी त्या काळात अन्यत्र उपासना करावी, हा नियम कठोर वाटतो. तो शिथिल केला की जुन्या सवयी पहिल्याच रविवारी परत येऊन बसतात.

लाइफवे संशोधन संस्थेच्या अंदाजानुसार २०१९ मध्ये अमेरिकेत सुमारे ४,५०० प्रॉटेस्टंट चर्च बंद झाली आणि ३,००० नवी सुरू झाली. म्हणून समापनाची नीट रीतही याच विषयात मोडते. मतदानानंतर शेवटच्या उपासनेपर्यंत तीन ते सहा महिने ठेवावेत. प्रत्येक सभासदाला नवी मंडळी मिळेपर्यंत पाळकाचा करार चालू असावा. स्मृतिफलक, रंगीत काचा आणि प्रभुभोजनाची पात्रे देणाऱ्या कुटुंबांना आधी विचारावे. अस्थिकलशांसाठीची जागा असेल तर राज्याचे कायदे पाहून नातेवाइकांना लेखी कळवावे. बाप्तिस्मा, विवाह व मृत्यूच्या नोंदवह्या संप्रदायाच्या अभिलेखागारात जाव्यात. प्रेस्बिटेरियनांसाठी ते फिलाडेल्फियातील ऐतिहासिक संस्थेत आहे. विक्रीच्या पैशाचा वापर मतदानाच्याच ठरावात लिहावा. मोघम राहिल्यास तो प्रादेशिक कार्यालयाच्या सर्वसाधारण खर्चात जिरतो. नेमका लिहिल्यास त्याच शहरातल्या नव्या मंडळीच्या पहिल्या तीन वर्षांचा पगार त्यातून निघू शकतो.