सेंब्रिख, मार्चेला

सेंब्रिख, मार्चेला : (१५ फेब्रुवारी १८५८ – ११ जानेवारी १९३५). पोलिश ऑपेरा-गायिका व गायनशिक्षिका. मूळ नाव प्राक्सेदा मार्त्सेलिना कोखान्स्का. सेंब्रिख हे आईचे माहेरचे आडनाव. रंगमंचासाठी तिने ते स्वीकारले. जन्म गॅलिशियातील विश्न्येवचिक या खेड्यात. हा प्रदेश तेव्हा ऑस्ट्रियन साम्राज्यात होता, आज तो युक्रेनमध्ये आहे. राज्य ऑस्ट्रियाचे असले तरी घर पोलिश होते, आणि स्वतः तिनेही आपली ओळख आयुष्यभर पोलिश हीच मानली.

वडील काझिमिएश कोखान्स्की हे गावोगावी वादन करून चरितार्थ चालवणारे वादक. पियानो व व्हायोलिन यांचे पहिले धडे तिने त्यांच्याकडूनच घेतले, आणि लहानपणीच ती घरच्या वाद्यमेळात वाजवू लागली. एका वृद्ध संगीतप्रेमी गृहस्थाच्या मदतीने, वयाच्या अकराव्या वर्षाच्या सुमारास, ती ल्वुफ (सध्याचे ल्व्हीव) येथील संगीतशाळेत दाखल झाली. पोलिश संगीतकार शोपॅंचा शिष्य कारोल मिकुली त्या काळी या संस्थेचा प्रमुख होता. तिचा पियानोचा शिक्षक व्हिल्हेल्म श्टेंगेल हाच पुढे तिचा पती (१८७७) व व्यवस्थापक झाला.

पुढील शिक्षणासाठी ती व्हिएन्नाला गेली. तिथे यूलिउस एप्श्टाइनकडे पियानो, हेल्मेसबर्गरकडे व्हायोलिन आणि व्हिक्टर रोकिटान्स्कीकडे गायन असे तिन्ही विषय एकाच वेळी चालू होते. याच सुमारास (बहुधा १८७४) विख्यात पियानोवादक व संगीतकार फ्रांझ लिस्टने तिचे पियानो, व्हायोलिन आणि गाणे ऐकून ‘गळ्याकडेच लक्ष दे’ असा सल्ला दिला, अशी कथा बहुतेक चरित्रांत येते. या कथेचे तपशील प्रत्येक ठिकाणी थोडे वेगळे आहेत. भेट झाली असावी. लिस्टच्या तोंडी घातलेली अलंकारिक वाक्ये मात्र जशीच्या तशी धरू नयेत. गायनाकडे वळण्याचा निर्णय एका भेटीत झाला असण्यापेक्षा रोकिटान्स्कीच्या शिकवणीत हळूहळू पक्का झाला असणे अधिक संभवनीय वाटते.

गायनाच्या पुढील शिक्षणासाठी ती मिलानला गेली. तिथे तिचा गुरू नेमका कोणता लांपेर्ती, याविषयी संदर्भग्रंथांत गोंधळ आहे. फ्रांचेस्को लांपेर्ती हा मिलान संगीतशाळेतील ख्यातनाम प्राध्यापक. जोव्हान्नी बात्तिस्ता (१८३९–१९१०) हा त्याचा मुलगा. दोघेही गायनशिक्षक, दोघांची शिकवण एकाच घराण्यातली, आणि अनेक नोंदींत नुसते ‘लांपेर्तीकडे शिक्षण’ एवढेच लिहिलेले असते. साहजिकच अधिक प्रसिद्ध अशा पित्याच्या नावे तिचे सारे शिक्षण जमा झाले. ती मिलानला आली त्याच सुमारास, १८७५ मध्ये, फ्रांचेस्को संगीतशाळेतून निवृत्त झाला. त्यानंतरही तो खाजगी शिकवण्या घेत असल्याने निव्वळ या कालगणनेवरून निर्णय करता येत नाही. तरी तिचे पायाभूत शिक्षण मुलाकडे झाले, आणि नाव झाल्यानंतर, १८८० च्या दशकाच्या मध्यास, तिने काही काळ पित्याचेही मार्गदर्शन घेतले, हे मत आता सामान्यतः ग्राह्य धरले जाते. मुलाचे पुढील अध्यापन बराच काळ ड्रेस्डेनमध्ये झाले आणि सेंब्रिखचे वास्तव्यही तिथे होते, ही गोष्ट या मताला पूरकच आहे.

हा वाद केवळ चरित्रापुरता नाही. सेंब्रिखने पुढे अमेरिकेत जे शिकवले त्याचे मूळ इथे आहे. लांपेर्ती परंपरेचा सारा भर श्वासावर होता. गाताना श्वास बाहेर टाकणारे स्नायू काम करीत असतानाच श्वास आत घेणाऱ्या स्नायूंनी त्यांना रोखून धरायचे, म्हणजे हवा सावकाश खर्च होते आणि स्वर ताणाशिवाय तोलून राहतो. फ्रांचेस्को याला स्नायूंचा ‘संघर्ष’ म्हणत असे. त्याची कसोटी म्हणजे ‘मेस्सा दी व्होचे’ : एकच स्वर अगदी मंद आवाजात लावायचा, न डळमळता फुगवत न्यायचा आणि त्याच श्वासात पुन्हा मंद करायचा. जोव्हान्नी बात्तिस्ताच्या शिकवणीत स्वरांच्या अखंड जोडणीला (लेगातो) विशेष महत्त्व होते. सेंब्रिख कोलोरातुरा म्हणजे जलद व अलंकृत गायकीसाठी गाजली. पण तिच्या ध्वनिमुद्रिकांत अधिक मोलाची वाटते ती संथ ओळींतली जोडणी. तिच्या वाक्यरचनेतील नेटकेपणामागे व्हायोलिनच्या गजाचा सराव असावा, हा तर्क मान्य करण्याजोगा आहे.

पहिली भूमिका अथेन्समध्ये, जून १८७७ मध्ये, बेल्लीनीच्या ‘इ पुरितानी’तील एल्व्हीरा. १८७८ मध्ये ड्रेस्डेन आणि १८८० मध्ये लंडनचे कोव्हेंट गार्डन इथे दोनिझेत्तीच्या ‘लुचिया दी लाम्मेरमूर’ या ऑपेरातील नायिकेच्या भूमिकेने तिचे नाव झाले. न्यूयॉर्कचे मेट्रोपॉलिटन ऑपेरा हाउस २२ ऑक्टोबर १८८३ रोजी उघडले. दोनच दिवसांनी, २४ तारखेस, तिने तिथे लुचिया गायली. त्या पहिल्या हंगामात व्यवस्थापक हेन्री ॲबीला प्रचंड तोटा झाला. त्याच्या साहाय्यार्थ २१ एप्रिल १८८४ रोजी झालेल्या कार्यक्रमात सेंब्रिखने द बेरियोच्या कॉन्चेर्तोतील (वाद्यवृंदासह वाजवायच्या रचनेतील) भाग व्हायोलिनवर वाजवला, टाळ्या थांबेनात तेव्हा पियानोवर शोपॅंची माझुर्का (पोलिश नृत्यावर आधारित रचना) वाजवली आणि मग गायली. एकाच संध्याकाळी या तिन्ही अंगांनी इतक्या अधिकाराने उभी राहिलेली दुसरी ऑपेरा-गायिका दाखवणे कठीण आहे.

यानंतरची वर्षे युरोपात गेली. १८९८ मध्ये ती मेट्रोपॉलिटनला परतली आणि मधला अल्प खंड वगळता १९०९ पर्यंत तिथे राहिली. जील्दा (‘रिगोलेत्तो’), व्हायोलेत्ता (‘त्राव्हियाता’), रोझीना (‘सेव्हिलचा न्हावी’), सुझान्ना (‘फिगारोचे लग्न’) या तिच्या मुख्य भूमिका. मोत्सार्टच्या ‘जादूची बासरी’मधील ‘रात्रीची राणी’ही तिने गायली. १९०२ मध्ये पादेरेव्हस्कीच्या ‘मान्रू’ या ऑपेराच्या मेट्रोपॉलिटनवरील पहिल्या प्रयोगात उलानाची भूमिका तिने केली. ‘सेव्हिलचा न्हावी’मधील गायनपाठाच्या प्रवेशात ती बरेचदा स्वतः पियानोवर बसून शोपॅंचे ‘झिचेन्ये’ हे पोलिश गीत गाई. १८ एप्रिल १९०६ च्या सॅन फ्रान्सिस्को भूकंपाच्या वेळी मेट्रोपॉलिटनची मंडळी दौऱ्यावर तिथेच होती. त्यात तिचा पोशाखसंच गेला. तरी वाद्ये व सामान गमावलेल्या वादकांसाठी आणि कोरसमधील गायकांसाठी तिने मदतीचा कार्यक्रम केला. ६ फेब्रुवारी १९०९ रोजी मेट्रोपॉलिटनने तिला निरोप दिला. त्या प्रयोगात ‘त्राव्हियाता’च्या पहिल्या अंकात प्रख्यात गायक कारूझो नायक आल्फ्रेदो झाला, तर फ्लोराची दुय्यम भूमिका जेराल्डीन फरारने आपणहून केली. पुढे १९१७ पर्यंत ती गीतगायनाचे कार्यक्रम करीत राहिली; साथीला पियानोवादक फ्रँक ला फोर्ज असे. पहिल्या महायुद्धात न्यूयॉर्कमधील पोलिश मदत समितीचे अध्यक्षपद तिच्याकडे होते.

तिच्या ध्वनिमुद्रिका बहुतांशी १९०३ नंतरच्या, प्रथम कोलंबिया व नंतर व्हिक्टर कंपनीच्या. १९०८ मधील ‘लुचिया’तील षट्‌गीत, म्हणजे सहा गायकांनी मिळून गायचे गीत (कारूझो, स्कोत्ती, जूर्ने इत्यादींसह) सात डॉलरना विकले जाई. मुद्रण झाले तेव्हा ती पन्नाशीला आली होती. शिवाय त्या काळच्या कर्ण्याच्या, म्हणजे मायक्रोफोनपूर्व, पद्धतीत साधारण २,५०० हर्ट्‌झच्या वरचे फारसे उमटत नसे. त्यामुळे उंच स्वरांचे उपस्वर हरवतात आणि आवाज प्रत्यक्षाहून कोरडा भासतो. या मुद्रिकांवरून तिच्या स्वराची जात ठरवताना हे ध्यानात ठेवले पाहिजे. मेट्रोपॉलिटनचा ग्रंथपाल मेपलसन याने प्रत्यक्ष प्रयोगांत घेतलेल्या मेणाच्या सिलिंडरांवरील ध्वनिमुद्रणांतही ती ऐकू येते.

फिलाडेल्फियाची कर्टिस संस्था (स्थापना १९२४) व न्यूयॉर्कची जुलियर्ड संस्था या दोहोंच्या गायन विभागाची ती पहिली प्रमुख होती. उन्हाळ्यात निवडक विद्यार्थिनी लेक जॉर्जकाठच्या बोल्टन लँडिंग येथील तिच्या अभ्यासवास्तूत शिकण्यास येत. तिथे आता तिचे संग्रहालय आहे. तिचे निधन न्यूयॉर्कला झाले. तिच्या शिष्यांत आल्मा ग्लक ही मेट्रोपॉलिटनवर नाव मिळाल्यानंतर तिच्याकडे शिकायला आली, तर दुसोलीना जान्नीनीचा रंगमंचप्रवेश १९२५ मध्ये हांबुर्गला ‘आयदा’मधून झाला. क्वीना मारिओ ही २५ डिसेंबर १९३१ रोजी मेट्रोपॉलिटनवरून रेडिओवर प्रसारित झालेल्या पहिल्या संपूर्ण ऑपेरातील (‘हेन्झेल उंड ग्रेटेल’) ग्रेटेल. कर्टिसमध्ये सेंब्रिखच्या जागी तीच आली आणि रोझ बॅम्प्टन, हेलन जेप्सन या पुढच्या पिढीतील गायिका मारिओच्या हाताखाली शिकल्या.