संकलकाला दिग्दर्शन जमत नाही?

‘एडिटर म्हणजे कापाकापी करणारा, तो कसला दिग्दर्शक होणार?’ बडोद्याच्या मराठी मंडळींतही हे ऐकू येतं. साफ चूक. माहितीपटाची पटकथा बहुतेकदा संकलनाच्या टेबलावरच आकार घेते. मूकपटांच्या काळातल्या अभिनेत्री कमलाबाई गोखले यांच्यावर माहितीपट दिग्दर्शित करणाऱ्या रीना मोहन पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनच शिकल्या.

दांडिया बाजारातल्या घरी आजींची मुलाखत घेताना पुढे काय कमी पडेल, हे संकलकाला तिथेच दिसतं. अडकित्त्यावरचे हात तो किमान 10 सेकंद टिपतो. निघताना सगळ्यांना गप्प बसवून खोलीची नुसती शांतता मिनिटभर रेकॉर्ड करतो. ती जोडांखाली भरायला नसली की प्रत्येक कटला, म्हणजे दोन तुकडे जोडतो तिथे, पंख्याची घरघर तुटते.

अवघड जातं ते अनोळखी माणसाला बोलतं करणं. त्यासाठी आधी कॅमेऱ्याशिवाय दोन-तीनदा जाऊन बसावं.