ब्रिटनमधील ‘शरिया न्यायालये’ न्यायालये नाहीत

ब्रिटनमध्ये ८५ शरिया न्यायालये चालतात आणि तेथील मुसलमानांना देशाचा कायदा लागूच होत नाही, असा मजकूर आपल्याकडेही वर्षानुवर्षे फिरतो आहे. ८५ हा आकडा २००९ साली एका अभ्यासगटाने बांधलेल्या अंदाजातून आला. पण ज्यांना न्यायालये म्हटले जाते त्या प्रत्यक्षात शरिया परिषदा, म्हणजे मुख्यतः धार्मिक घटस्फोटाचे अर्ज ऐकणारी मंडळे, आहेत आणि इंग्लंड व वेल्समध्ये त्यांना कोणताही न्यायाधिकार नाही, असे सरकारने नेमलेल्या स्वतंत्र समितीने २०१८ मध्ये स्पष्ट केले. फौजदारी शिक्षांचा तर प्रश्नच येत नाही.

मग तेथे जाते कोण? समितीच्या अहवालानुसार नव्वद टक्क्यांहून अधिक अर्जदार घटस्फोट मागणाऱ्या स्त्रिया होत्या. पुष्कळ जोडप्यांचा निकाह होतो, पण विवाहाची कायदेशीर नोंदणी होत नाही. अशा स्त्रीला कौटुंबिक न्यायालय घटस्फोट देऊ शकत नाही, कारण कायद्याच्या लेखी तिचा विवाह झालेलाच नसतो, आणि २०२० मध्ये अपील न्यायालयानेही हीच भूमिका घेतली. नवरा तलाक देण्यास राजी नसेल, तर तिला परिषदेचे दार ठोठवावे लागते. काही परिषदांत स्त्रियांना भेदभावाची वागणूक मिळते, हेही त्याच समितीने नोंदवले असून ही टीका गंभीर आहे. मात्र तिच्यावरून समांतर न्यायव्यवस्था सिद्ध होत नाही. समितीने सुचवलेला मुख्य उपाय तर जवळजवळ कारकुनी म्हणावा असा होता: निकाहाच्या आधी किंवा त्याच वेळी कायदेशीर विवाह होईल अशी तरतूद १९४९ च्या विवाह कायद्यात करावी.